सुजाताबाईंचं पाहुणं इंजिन

सुजाताबाई संगणकाशी भांडत असत. पडद्यावर ‘फाइल सापडली नाही’ असं आलं की त्या ओरडायच्या, “मंग शोध ना! मले काऊन सांगून राह्यला?” चंद्रपूरच्या आमच्या लहानशा कंपनीत मी नवीनच लागले होते. पहिल्या दिवशी मला वाटलं, त्या माझ्यावरच चिडल्या आहेत.

बाई मूळच्या चिमूरच्या. आमचं सॉफ्टवेअर सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजाराच्या तपासणीचे अहवाल छापायचं. प्रत्येक तालुक्याला मजकूर वेगळा हवा असे. सीमेवरच्या सिरोंच्याला तर तेलुगूही लागे. म्हणून बाईंनी त्यात एक स्क्रिप्ट इंजिन बसवलं. ते एका डीएलएलमध्ये होतं, म्हणजे अनेक प्रोग्रामांनी वाटून वापरायच्या तयार फाइलीत. ती फाइल शेजारी ठेवली की मूळ सॉफ्टवेअर न उघडता, चार ओळींची स्क्रिप्ट लिहून कोणालाही अहवाल बदलता येई.

“हे इंजिन पाव्हना हाय, पोरी,” त्या मला शिकवायच्या. “त्याले जेवू घाल, पण घराच्या चाव्या देऊ नोको.” स्वतः मात्र त्यांनी त्याला सगळ्या चाव्या देऊन टाकल्या होत्या; स्क्रिप्टला निकालाचं पानसुद्धा बदलता येई. आरोग्य खात्याच्या साहेबलोकांसमोरचं प्रात्यक्षिक झकास व्हायला हवं होतं ना!

ते फारच झकास झालं. अहवालात वाट्टेल ते छापता येतं, हे साहेबांना कळलं. मग वरच्या साहेबांचा संदेश आला, त्यांच्याही वरच्यांचा आला, पाठोपाठ सगळ्यांचे फोटो आले. बदली झाली की नवा फोटो चढे. जुना काढायची हिंमत कोणी करत नसे. रक्ताचा निकाल खाली सरकत सरकत दुसऱ्या पानावर गेला. आमच्या मालकांनी त्याला ‘लोकाभिमुख मांडणी’ असं नाव दिलं.

एके दिवशी सिरोंच्याहून तिथल्या प्रयोगशाळेतल्या राजन्नाचा फोन आला. “मॅडम, एक बाई पेढे घेऊन आली. पोराले काई नाई निघालं म्हणते. पण त्याले त सिकलसेल हाय!”

तिथला प्रिंटर एकच पान छापत होता, आणि त्या पानावर ठळक अक्षरांत होतं: तपासणी करून घेतल्याबद्दल आपले हार्दिक अभिनंदन.

बाई मला घेऊन तडक एसटीनं सिरोंच्याला निघाल्या.  राजन्नानं त्या आईला बोलावून घेतलं आणि तेलुगूत सगळं समजावलं. तिनं पदरात जपून आणलेला कागद उलगडला आणि मोडक्या मराठीत बाईंनाच विचारलं, “मंग अभिनंदन कायचं?”

संगणकाला कधी हार न गेलेल्या सुजाताबाईंनी तो कागद हातात घेतला. मग म्हणाल्या, “चूक माही हाय, बाई.”

त्याच दिवशी पोराच्या गोळ्या सुरू झाल्या. बाई तिथल्याच खुर्चीत बसल्या आणि सॉफ्टवेअर व डीएलएल यांच्यातला सांधा नव्यानं लिहिला. आता स्क्रिप्टला निकालाच्या पानाला हातच लावता येईना. निकाल सर्वांत वर, मोठ्या अक्षरांत, मराठीत आणि तेलुगूत. शुभेच्छांना आणि फोटोंना जागा नाही. ते सॉफ्टवेअर सगळ्या तालुक्यांना गेलं.

आठवडाभरात साहेबांच्या कार्यालयातून खरमरीत विचारणा झाली. पोराला चुकीचा कागद का गेला, याबद्दल नव्हे. फोटो कुठे गेले, याबद्दल. मालक घामाघूम झाले.

“बाई, फोटो परत आणा.”

“नाई आणत.”

“अहो, कंत्राट जाईल!”

“जाऊ द्या. त्या मायले तोंड दाखवाले तुम्ही जासान का?”

बाईंनी संध्याकाळी राजीनामा दिला आणि त्या चिमूरला गेल्या. निरोपसमारंभ झाला नाही. मालक फोटोंच्या काळजीत होते.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला बोलावलं. “तू बाईंच्या हाताखाली होतीस. तो सांधा पूर्वीसारखा कर.”

मी म्हणाले, “मला ते येत नाही, सर.”

काम दहा मिनिटांचं होतं. बाईंनी मला ते फार नीट शिकवलं होतं.