प्रिंटरच्या तोंडात घास

मोखाड्याच्या त्या सरकारी कचेरीत माणूस जोखायची विद्युल्लताची एकच रीत होती. प्रिंटर चालेनासा झाला की माणूस आधी काय करतो, ते बघायचं. कुणी मशीनला थापड मारी, कुणी वायर उपटून पुन्हा खोची, कुणी छपाईचं बटण दाबतच राही, बंद दाराची बेल वाजवावी तसं. हेडक्लार्क हरिभाऊ तिन्ही गोष्टी करीत आणि वर ‘सरकारी माल असाच असतो’ म्हणत. तिच्या नोकरीच्या अकरा वर्षांत एकानंही वायर दोन्ही टोकांना नीट बसलीय का, हे वाकून पाहिलं नव्हतं. सरकारी कमरेला वाकायची सवय फक्त वरिष्ठांपुढे असते, असं तिचं मत होतं. ते चुकीचं ठरेल असं त्या कचेरीत कुणी कधी वागलं नाही.

कचेरी कुठल्या खात्याची, हे सांगण्यात हशील नाही. पत्र्याचं छप्पर, दोन लाकडी कपाटं, भिंतीवर गेल्या वर्षीचं कॅलेंडर आणि मधोमध हा प्रिंटर. एका साहेबांनी तो मागवला, दुसऱ्यांनी त्याची खोली बदलली, तिसऱ्यांनी त्याच्यावर भरतकामाचा रुमाल घालायला लावला. चालवायची मात्र एकटी विद्युल्लता.

ती होती कंत्राटी. अकरा महिन्यांचा हुकूम, मध्ये एक दिवस खंड, मग पुन्हा अकरा महिन्यांचा हुकूम. रोज सकाळी जव्हारहून जीप धरायची, घाटातली वळणं पोटात जिरवायची आणि साडेनऊला कुलूप उघडायला हजर राहायचं. नवरा उमेश चार महिने काम धरी आणि आठ महिने सोडी. मुलगी हर्षाली बारावीला. घर त्या अकरा महिन्यांच्या कागदावर उभं होतं. दर वेळी मुदत संपत आली की विद्युल्लताची झोप उडे आणि दर वेळी हुकूम येई. हळूहळू तिला वाटू लागलं होतं की हुकूम येतो तो तिच्याशिवाय इथलं पान हलत नाही म्हणून.

आणि ते पान हलू नये, याची ती काळजीही घेई. सुरुवातीला तिनं एक कागद मोठ्या अक्षरांत छापून प्रिंटरमागच्या भिंतीला डकवला होता. आधी बटण बघा. मग वायर बघा. मग लॅपटॉपवर प्रिंटर ऑफलाइन आहे का बघा. मग आपण कुठला प्रिंटर निवडलाय ते वाचा. एकदा दाबलेलं पुन्हा दाबू नका, पहिलं काम अडकलं असेल तर आधी ते रद्द करा. आठ दिवसांत हरिभाऊंनी त्याच्यावर गणपतीचं चित्र चिकटवलं, कारण दुसरीकडे खिळा नव्हता आणि चित्राला डिंक आधीच लावून झाला होता! तिनं पुन्हा कागद लावला नाही. गाढवाला गुळाची चव काय, म्हणाली, आणि तेव्हापासून कुणाला काही शिकवलं नाही. जामसरचा नवसू शिपाई एकदा म्हणाला होता, “बाय, मना दावा ना, ता कागूद कसा सरकं त्ये.” तिनं लॅपटॉपवरची नजरही न काढता सांगितलं, “नवसू, तू पाण्याचा माठ बघ.” तो गेला आणि माठ बघू लागला.

या वर्षी मुदत संपली ती नेमकी दसऱ्याच्या आसपास. खंडेनवमीला कचेरीत यंत्रांची पूजा होती. विद्युल्लता त्या दिवशी पंचायत समितीत याद्या द्यायला गेली होती, तिथूनच परस्पर घरी गेली. दसरा झाला, सुट्टी झाली आणि ती कामावर आली ती खंडाचा दिवस संपवून, हातात हुकूम नसताना. दर वेळी असंच होई. आधी कामाला लागायचं, दुपारपर्यंत कागद मिळायचा.

पण त्या दिवशी हरिभाऊ तिच्या आधीच हजर होते आणि गोड बोलत होते. हीच पहिली वाईट खूण. एरवी तिला ‘ओ बाई’ म्हणणारा माणूस “या विद्युल्लताबाई, बसा, चहा घ्या” म्हणाला. आतल्या खोलीत साहेबांचा नवा लॅपटॉप उघडा होता. साहेबांना तो मिळून तीन महिने झाले होते आणि आजवर त्याचा उपयोग बैठकीला जाताना बगलेत धरण्यापुरता झाला होता. हरिभाऊ त्याच्यापुढे घामाघूम होऊन बसले होते.

“सकाळपासून बघतोय, छापतच नाही,” हरिभाऊ म्हणाले. “तुम्ही जरा प्रिंटर बघा. लॅपटॉप मी बघतो, तो गोपनीय आहे.”

गोपनीय! विद्युल्लताला हसू आवरेना. या कचेरीतलं गोपनीय म्हणजे साहेबांच्या मुलीच्या बारशाची पत्रिका. तिनं पदर खोचला. अडला हरी म्हणतात तो हाच, असं मनात म्हणत ती कामाला लागली.

“वायर कुठंय?”

“लावलीय ना.”

लावली होती खरी. प्रिंटरच्या बाजूनं इंटरनेटच्या भोकात जोर करकरून कोंबली होती. तिनं ती काढून जागेवर बसवली. “आता तुमच्या पडद्यावर प्रिंटरचं नाव वाचा. कुठला निवडलाय?”

हरिभाऊंनी चष्मा कपाळावर चढवला, पुन्हा नाकावर आणला. “पीडीएफ.”

“तो प्रिंटर नाही. त्यानं कागद निघत नाही, नुसती फाइल बनते. खाली दुसरं नाव असेल, ते घ्या.”

“घेतलं. आता ऑफलाइन म्हणतोय.”

“त्याच्यावर टिचकी मारा, ‘ऑफलाइन वापरा’ समोरची खूण काढा.”

“काढली. दाबू?”

“दाबा. एकदाच.”

हरिभाऊंनी दाबलं. काही निघालं नाही म्हणून पुन्हा दाबलं, मग पुन्हा. बटणाचा टकटक आवाज तिला येत होता. “भाऊसाहेब, एकदाच म्हटलं ना?” ती म्हणाली, तोवर त्यांचं बोट बारा वेळा पडून गेलं होतं. दगडाला सांगितलं असतं तर निदान दगडानं दाबलं तरी नसतं. प्रिंटरवर नारिंगी दिवा लुकलुकत होता. आत काहीतरी अडकलं होतं.

तिनं झाकण उघडलं आणि बघतच राहिली. कागद आत ओढणाऱ्या रबरी रुळाभोवती कुंकू लागलेले तांदूळ होते. एकदोन दाणे नव्हेत, चांगली मूठभर अक्षता! त्यात झेंडूच्या पाकळ्या वाळून चिकटलेल्या, आणि ट्रेवर ओल्या कुंकवाचं स्वस्तिक काढलेलं.

“हे कुणी केलं?”

नवसू दारात उभा होता. त्यानं आधी हरिभाऊंकडे पाहिलं, मग खालच्या आवाजात सांगितलं, “भाऊसाहेबच म्हणलं, बाकीच्यांवर वरून टाक, पन हा तोंड उघडा असल्याला, याला घास घाल. वरीसभर उपाशी रहत नाय मंग. मी घातला.”

“पूजा शास्त्राप्रमाणं झाली पाहिजे,” हरिभाऊ आतून म्हणाले. शास्त्र कुठलं, ते त्यांनी सांगितलं नाही.

विद्युल्लतानं शाईची डबी बाहेर काढली, केसांतली पिन काढली आणि एकेक दाणा टोकरून काढू लागली. पाऊण तास गेला. बोटं काळी झाली, नखात कुंकू गेलं. तोंडानं ती पुटपुटत होती. ही माणसं पेन्शन घेणार, यांच्या निरोपसमारंभाला शाल-नारळ येणार, आणि यांना यंत्राचं तोंड आणि देवाचं तोंड यातला फरक कळत नाही. तिनं रूळ ओल्या फडक्यानं पुसला, कोरड्या फडक्यानं पुसला, शाईची डबी दोन्ही हातांनी आडवी धरून हलवली आणि जागी बसवली. झाकण लावलं. नारिंगी दिवा गेला, हिरवा लागला. अशा वेळी तिला जो आनंद होई, तो दुसऱ्या कशानंच होत नसे.

“लागला,” ती मोठ्यानं म्हणाली. “बघा आता.”

रांगेत अडकून पडलेलं पहिलं काम आपोआप सुटलं. यंत्रानं घसा खाकरला आणि कागद बाहेर आला, स्वच्छ, अक्षरं काळीभोर, एक रेघ नाही. छपाई नीट आली का पाहायला तिनं सवयीनं तो उचलला.

‘श्रीमती विद्युल्लता उमेश...’

तिला वाटलं, हुकूम आला. क्षणभर छाती हलकी झाली. मग तिनं खालचं वाचलं. करार पुढे वाढवण्यात येत नाही. कारण चौथ्या ओळीत होतं. ‘सदर कर्मचारी यांना संगणक व संलग्न उपकरणे हाताळण्याचे पुरेसे ज्ञान नसल्याचे निदर्शनास आले आहे.’ त्याखाली तिच्या जागी नेमलेल्या मुलीचं नाव होतं, समृद्धी. हरिभाऊंच्या सख्ख्या बहिणीची मुलगी. नवमीच्या पूजेला ती पेढे घेऊन आली होती, हे नवसूनं नंतर सांगितलं.

दुसरा कागद आला. तोच. तिसरा. तोच. हरिभाऊ खुर्चीतून उठून धावत आले आणि येईल तो कागद उलटा करून ठेवू लागले, जणू उलटा कागद कुणी वाचत नाही. “थांबवा, अहो थांबवा ते!”

“तुम्ही बारा वेळा दाबलंय,” विद्युल्लता म्हणाली. तिनं हाताची घडी घातली होती. आवाज तिचा तिलाच परका वाटत होता. “बारा निघणार.”

चौथा, पाचवा, सहावा. सातवा अर्धा बाहेर असताना हरिभाऊंनी भिंतीतून पिन उपटली.

“मनावर घेऊ नका,” ते म्हणाले. त्यांना बहुधा खरंच वाटत होतं की यात घेण्यासारखं काही नाही. “तो मजकूर जुन्या एका हुकुमातला आहे. कारण काहीतरी लिहावं लागतं. तुमचं काम चांगलंच होतं हो.”

तोवर येऊन बसलेल्या साहेबांनी मान वर न करता एका प्रतीवर सही केली. विद्युल्लतानं काळ्या बोटांनी पोच दिली. कागदावर तिच्या अंगठ्याचा डाग उमटला, अडाण्याचा उमटावा तसा. राग एवढा होता की डोळ्यांत पाणी येतंय हे तिला गालावर आल्यावर कळलं. गरज सरो आणि वैद्य मरो, हे ती ऐकून होती. पण इथं गरज सरलीसुद्धा नव्हती. प्रिंटर चालला काय, बंद पडला काय, यांचं काही अडत नव्हतं. कागद आज नाही निघाला तर उद्या, नाहीतर पुढच्या आठवड्यात. अडायचं ते कामासाठी येऊन बाहेर बाकावर बसलेल्यांचं. आपल्याशिवाय यांचं चालणार नाही, ही अकरा वर्षांची समजूत तिची एकटीचीच होती. या बिनडोकांना हसता हसता सगळ्यात मोठं हसं आपलंच करून घेतलं, असं तिला वाटलं.

पायरीशी नवसू उभा होता. डबा आणि पिशवी त्यानंच आणून दिली.

“बाय,” तो म्हणाला, “मना ता येत असतं ना, तं तुमचा कागूद मी भायेर येऊच दिला नसता.”

तिला त्याच्याकडे बघवेना. मान हलवून ती निघाली.

बाजाराचा दिवस असल्यामुळं जीप भरायला वेळ लागला नाही. चौघांच्या सीटवर पाचवी म्हणून ती दाटीत बसली आणि फोन वाजला. हरिभाऊ.

“विद्युल्लताबाई, जरा अडचण झालीय. तो अडकलेला कागद नवसूनं ओढून काढला. पण पालघरला जायचा अहवाल छापायला दिला तरी तुमचाच हुकूम निघतोय! बंद करून चालू केलं तरी तोच. साहेब चिडलेत. काय करायचं?”

रांगेत उरलेली कामं रद्द करायची. दोन टिचक्यांचं काम. ते भिंतीवर लिहिलेलं होतं, गणपतीच्या मागे.

“भाऊसाहेब, तो कागद हातात आहे?”

“आहे ना, सहा-सात आहेत.”

“चौथी ओळ वाचा. मोठ्यानं.”

हरिभाऊ वाचू लागले. “सदर कर्मचारी यांना संगणक व संलग्न उपकरणे हाताळण्याचे पुरेसे ज्ञान...” तिथं ते थांबले.

“तेच,” विद्युल्लता म्हणाली. “मला नाही येत. साहेबांच्या सहीनं लिहून दिलंय तुम्ही.”

तिनं फोन बंद केला. फार बरं वाटलं. जीप गाव सोडून वळणाला लागेपर्यंत बरं वाटत राहिलं. मग घाट लागला आणि हर्षालीला काय सांगायचं, ते मनात जुळवायला तिनं सुरुवात केली. जुळेना. फोन पुन्हा वाजला, थांबला, पुन्हा वाजला.

शेजारी एक म्हातारी मांडीवर रिकामी टोपली घेऊन बसली होती. तिनं विद्युल्लताच्या काळ्या बोटांकडे, नखातल्या कुंकवाकडे निरखून पाहिलं आणि आपुलकीनं विचारलं, “कुठं कामाला आहेस गं बाय?”

अकरा वर्षं या प्रश्नाचं उत्तर ती जिभेवर घेऊन फिरत होती. तिनं तोंड उघडलं, आणि मग हात पदराखाली घेतले.