काकाने नेलेलं रडणं

काका आज सकाळी गेला.
कृपा करून ती रडण्याची क्लिप मला पाठवू नका.

सकाळपासून अकरा जणांनी पाठवली. "काय नॅचरल अ‍ॅक्टिंग!" "अंगावर काटा आला!"

येणारच. ते रडणं त्याचं नव्हतं, माझ्या आजीचं होतं.

एकोणीसशे साठच्या आसपास काका बालाघाटजवळच्या आमच्या वारासिवनीहून मुंबईला गेला, सिनेमात काम करायला. हवालदार, मुनीम, कंपाउंडर, असले रोल. एक सीन, दोन वाक्यं, संपलं.

मग एकदा पत्र आलं. "या पिक्चरमध्ये मी पहिल्यापासून शेवटपर्यंत आहे."

सगळं घर बालाघाटच्या टॉकीजमध्ये. आजी, म्हणजे त्याची आई, नवं लुगडं नेसून.

काका होता की! हीरोच्या घरात, भिंतीवरच्या फोटोत. हीरोचा मेलेला बाप.
फोटोला हार.

आजी उभी राहून छाती पिटायला लागली. टॉकीजभर लोक हसले. आम्हीही हसलो.

गावच्या दंडारीत, त्या रात्रभरच्या नाटकात, मेलेला माणूस नंतर उठून चहा पितो, हे तिला माहीत होतं. पण जिवंत माणसाच्या फोटोला हार कोण घालतं?

बाबांनी त्याची नवी पत्रं वाचून दाखवली.
"पत्तर तं कोनीबी लिहिते," ती म्हणायची. "त्याले म्हना, एकडाव तोंड दाखव."

बाबांनी हे दर पत्रात कळवलं. दहा वर्षं. काका आला नाही.

माझं लग्न झालं, नवऱ्याबरोबर मुंबई पाहायला निघाले. आजी म्हणाली, "येतानी त्याले घेऊनच ये."

काकाच्या खोलीवर मी निरोप सांगितला.
"आता गेलो तं रोल दुसऱ्याले जाईन," तो म्हणाला.
मग सरसावून बसला. "बुढी रडली कशी वो? करून दाखव ना."

मी दाखवलं. छाती पिटत, मधेच श्वास अडकवत. काका पोट धरून हसला. "अजून एकडाव."

तीनदा केलं. ऐकून त्याला घरी यावंसं वाटेल म्हणून केलं, असं मी पुढे सगळ्यांना सांगत आले. खोटं आहे. मला त्याची शाबासकी हवी होती. अजून लाज वाटते.

घरी परतले तर आजी ओट्यावरच बसलेली.
"नाही आला?"
"शूटिंग हाये वो आजी. बरा हाये तो. मी पाह्यलं ना त्याले."
"तूबी खोटं बोलाले शिकली."

त्यानंतर तिने विचारलंच नाही. हिवाळ्यात गेली. पोरगा मेला असंच समजून गेली. बाबांनी तार केली. तो तेव्हाही आला नाही.

उन्हाळ्यात त्याचा नवा पिक्चर बालाघाटला लागला. पोराच्या प्रेतावर रडणारा म्हातारा. तीच छाती पिटणं, तोच अडकलेला श्वास.
या वेळी टॉकीजमध्ये कोणी हसलं नाही. टाळ्या पडल्या.

त्या एका सीनवर त्याला जन्मभर काम मिळालं. पुढे टीव्हीवरसुद्धा.

काका, माझा तुझ्यावर राग आहे. स्वतःवरही आहे.

श्रद्धांजली बाकीचे लिहितायत. मी एवढंच म्हणते, आजी भेटली तर आधी तिला तोंड दाखव.