जिना सरकारचा, मजला ताईचा

ताईचा राग गल्लीला नवा नव्हता. गाद्या शिवणारी बाई ती. हातात दाभण असलं की तिच्याशी वाद घालायला कोणी धजावत नसे. आईवडील लवकर गेले, धाकट्या भावाला तिनेच लहानाचा मोठा केला. खाली दुकान होतं, तिथे भाऊ कापूस पिंजायचा आणि गिऱ्हाइकं सांभाळायचा. वरच्या मजल्यावर ताई टाके घालायची आणि तिथेच राहायची. गुडघे कधीच कामातून गेले होते. तरी कठडा धरून, पायरीगणिक एक शिवी हासडत ती रोज खाली उतरायचीच.

रस्ता रुंद करायचं ठरलं आणि मोजणीवाले आले. घराचा जिना पुढच्या अंगाला, बाहेरून होता. त्यांची लाल रेघ नेमकी जिन्याच्या मागून गेली; जिना रस्त्यात गेला, घर तेवढं उरलं.

सुनावणीला भूसंपादनाचे साहेब गोड बोलत होते. "जिन्याखालच्या जागेचे आणि जिन्याच्या बांधकामाचे पैसे मिळतील, बाई."

"आणि वरच्या मजल्याचे?"

"तो बाधित नाही."

"म्हणजे काय?"

"म्हणजे तो आम्ही घेत नाही. तुमचाच राहतो."

"मग मी तिथे जाऊ कशी? उडत?"

लोक हसले. साहेबही हसले. ते हसू ताईच्या काळजात रुतून बसलं.

"रस्ता करा हो, मला त्याचं वावडं नाही," ती म्हणाली. "पण आता मागून जिना काढायचा तर मागची खोली पाडावी लागेल. त्याचे पैसे कोण देणार?"

"तो तुमचा खासगी प्रश्न झाला."

ताईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "जिना तुम्ही पाडणार आणि प्रश्न माझा खासगी?" तिने विचारलं. साहेबांनी पुढच्या माणसाला हाक मारली.

त्याहून मोठा घाव घरातच बसला. एका संध्याकाळी भाऊ मान खाली घालून वर आला. "ताई, जिना द्यायच्या संमतीपत्रावर मी सही केली. पैसे घेतले. ते म्हणाले, आत्ता घेतले नाहीत तर कोर्टाचे खेटे घालत बसाल."

"मला न विचारता?"

"विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस."

"अरे गाढवा, म्हणूनच विचारायचं असतं!"

त्या दिवसापासून तिने त्याच्याशी बोलणं टाकलं.

पाडकामाचं यंत्र आलं, तेव्हा ताई वरच होती. मुकादमाने खालून घसा फोडून हाका मारल्या. ती खिडकीत येऊन म्हणाली, "मजला बाधित नाही. साहेबांनीच सांगितलंय. पाडा तुमचा जिना." मुकादमाने खांदे उडवले. जिना कोसळला, धुरळा खोलीभर झाला. ताईने अंगावरचा कापूस झटकावा तसा तो झटकला आणि पुन्हा टाके घालायला बसली.

मग खिडकीतून दोरीला टोपली लागली. भाऊ जेवण, पाणी, कापड पाठवायचा. ताई शिवलेल्या खोळी खाली सोडायची, पण शब्द एक नाही. बघ्यांची गर्दी वाढली. बातमी कचेरीत पोचली आणि वरिष्ठांनी कान उपटले, तेव्हा साहेब स्वतः आले.

"बाई, खाली या, आपण बोलू."

"कशी येऊ? तुम्हीच वर या."

कोणीतरी लोखंडी शिडी आणली. गर्दीसमोर माघार घेता येईना. साहेब चढू लागले. मध्यावर शिडी हलली, तसे ते डोळे मिटून थांबले. खिडकीतून आत आले तेव्हा शर्ट घामाने अंगाला चिकटला होता. ताईने बसा म्हटलं नाही.

"तुमची आई या खोलीत राहत असती," ती म्हणाली, "तर लिहिलं असतंत का 'बाधित नाही' म्हणून?"

साहेबांनी खिडकीतून वाकून जिना उखडलेल्या जागेचा खड्डा पाहिला. "मला कागदावर पुन्हा पाहणी दाखवावी लागेल, मजला बाधित धरून," ते म्हणाले. आज ते हसत नव्हते. ते उतरू लागले. खालून शिडी घट्ट धरली ती भावाने.

त्याच आठवड्यात तात्पुरता जिना लागला. मागची खोली आणि कायमचा जिना यांचे पैसे मंजूर व्हायला मात्र पुढचं वर्ष उजाडलं. ते वाटायला नव्या रस्त्याच्या पलीकडच्या कडेला मांडव घातला होता. ध्वनिक्षेपकावरून निवेदकाने पुकारलं, "आता सरकारी मदत स्वीकारायला येत आहेत..."

ताई व्यासपीठावर चढली आणि तिथेच थांबली. "मदत? मी हात पसरला होता का कोणापुढे? माझं घर कापलंत, त्याची ही भरपाई आहे. नीट म्हणा."

निवेदक गडबडला. साहेब उठले, त्याच्या हातातून माइक घेतला आणि सावकाश म्हणाले, "मोबदला. त्यांच्या हक्काचा मोबदला."

तिने धनादेश घेतला. फोटोवाल्याला मात्र हातानेच बाजूला सारलं.

परतताना भावाने तिचा दंड धरला. "झालं ना ताई मनासारखं? आता तरी राग सोड."

वर्षभरात ती त्याच्याशी पहिल्यांदा बोलली. "सरकारने निदान समोरून घेतलं. तू पाठीमागून विकलंस."

 नव्या रस्त्यावर गाड्या सुसाट धावत होत्या. ताईने दंड सोडवून घेतला नाही. रस्ता तर ओलांडायचाच होता.