चार फटक्यांचा जबाब

‘झालं’ हा शब्द कानावर पडला की रायटर मामा पेन खाली ठेवायचे. ठाण्यात जबाब लिहून घेणाऱ्याला आम्ही रायटर म्हणतो. मामा हवालदार होते आणि वीसेक वर्षं हेच काम करत आले होते. समोरचा रक्तानं माखलेल्या शर्टात सांगत असायचा, “साहेब, भांडण झालं, मारामारी झाली.” मामा चष्म्यावरून बघत म्हणायचे, “आभाळ झालं, पाऊस झाला, तसं हाय का हे? तू काय केलं ते सांग.”

हिंगोली जिल्ह्यातल्या एका ठाण्यात मी शिपाई म्हणून रुजू झाले, तेव्हा मला त्यांच्या टेबलाशेजारी बसवलं होतं. पहिल्याच आठवड्यात कनेरगाव नाक्याकडचा एक शेतकरी आणला. धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या वादात त्यानं सख्ख्या धाकट्या भावाच्या खांद्यात कुऱ्हाड घातली होती. भावाचा हात कातड्यावर लोंबत होता, असं त्याला दवाखान्यात नेणारे सांगत होते.

“कुऱ्हाड लागली, मामा. हात उठला.”

“उठला का उचलला?”

तो आपल्या हाताकडं बघायला लागला.

“कुऱ्हाड काहून नेली होती?”

“बाभळीचे फाटे तोडाया.”

“धुऱ्यावर बाभूळ हाय?”

“न्हाई.”

“मंग काहून?”

“त्याला भेव दाखवाया.”

“भेव तर नुसती दाखवून बी वाटलं असतं. मारली काहून?”

मामांचा आवाज कधी चढत नसे. एकामागून एक ‘काहून’ येत राहायचा आणि माणूस मागं सरकत सरकत भिंतीला टेकायचा. “मरावा म्हणून,” शेवटी तो म्हणाला. आपलेच शब्द ऐकून तो वाकला आणि तिथंच फरशीवर ओकला.

“पोलिसापुढची कबुली कोर्ट धरत न्हाई,” मामा मला नंतर म्हणाले. “पण आपण काय केलं, हे त्याला तर कळलं.”

हे वेड त्यांना लहानपणी गावच्या विहारात लागलं होतं. पायाखाली येऊन मुंगी मेली आणि पाय देऊन मुंगी मारली यात फरक काय, असं भंतेजींनी पोरांना विचारलं होतं. मामा सांगायचे, “मुंगीला काही फरक न्हाई. फरक पडते तो पायवाल्याला.”

एकदा एक बाई आपण होऊन ठाण्यात आली. नवऱ्यानं पोरीचा गळा दाबला होता, हिनं मुसळ त्याच्या डोक्यात घातलं. तो जागीच मेला. तिच्या लुगड्यावर रक्त होतं, पोरीच्या गळ्यावर पाच बोटं उमटलेली. ठाण्याचे साहेब म्हणाले, “लिहा, रागाच्या भरात मारलं.” मामांनी तिलाच विचारलं, “बाई, काहून मारलं?” ती म्हणाली, “त्याचा हात सुटावा म्हणून.” मामांनी तेवढंच लिहिलं, आणि साहेब संतापले तरी खोडलं नाही. पुढं तिच्या वकिलानं तोच धागा धरला आणि ती सुटली.

मग आला तो ड्रायव्हर. वारंगा फाट्याजवळ भाड्याच्या खोलीत राहायचा. त्यानं बायकोचं डोकं भिंतीवर इतकं आपटलं होतं की पंचनाम्याला गेलेला आमचा शिपाई बाहेर येऊन खालीच बसला. मामांनी नेहमीसारखी सुरुवात केली. तो जांभई देत म्हणाला, “डोकं लागलं भिंतीला. झालं.”

“काहून?”

“झालं ना मामा. आता काहून काय?”

तिसऱ्यांदा तो तेच म्हणाला, तेव्हा मामा उठले. कोपऱ्यातली काठी घेतली. पहिला फटका कानावर बसला. दुसऱ्याला तो खुर्चीवरून खाली पडला. तिसऱ्याला मनगटाचं हाड मोडल्याचा आवाज आला. चौथ्या फटक्याच्या वेळी तो हात जोडत होता. मी आणि दुसऱ्या एका शिपायानं मामांना मागून मिठी मारून ओढलं.

साहेबांनी दार लावून घेतलं. “आरोपी पळताना पायरीवरून पडला. लिहून टाका.”

मामा कोरा कागद पुढं ठेवून सबंध दुपार बसून राहिले. संध्याकाळी त्यांनी जो जबाब दिला, तो माझ्या अजून डोळ्यांपुढं आहे. ‘मी काठी उचलली आणि चार फटके मारले. पहिला रागानं. दुसरा आणि तिसरा, त्यानं कबूल करावं म्हणून. चौथ्याला तो कबूल करायला तयार होता. तरी तो फटका मारला, कारण मला मारायचंच होतं.’

चौकशीत मला विचारलं, तेव्हा मी म्हणाले की मी पाठमोरी होते. मामांना कळलं. ते माझ्यापुढं येऊन उभे राहिले.

“खोटं काहून बोललीस?”

“तुमच्यासाठी, मामा.”

“माझ्यासाठी, का साहेबाच्या भेवानं?”

दुसऱ्या दिवशी मी जाऊन खरं सांगितलं, त्यांच्याविरुद्ध. मामा निलंबित झाले, पुढं नोकरीही गेली. मारहाणीचा मुद्दा पुढं करून ड्रायव्हरला जामीन मिळाला.

ड्रायव्हरच्या मेलेल्या बायकोचा बाप शिरड शहापूरकडचा. तो ठाण्यात आला आणि कागदपत्रांसाठी तिथं आलेल्या मामांची कॉलर धरून ओरडला, “तुमी खरं बोलून मोकळे झाले. माझ्या लेकराला मारणारा गावभर हिंडून राहिला!” मामा मान खाली घालून उभे होते.

त्यानंतर मामा दर महिन्याला त्या बापाच्या शेतावर जायला लागले. पहिल्या खेपेला त्यानं दगड फेकून मारला. भुवई फुटली, सहा टाके पडले. मामांनी तक्रार दिली नाही. दुसऱ्या खेपेला त्यानं अंगावर कुत्रं सोडलं. मी चिडून म्हणाले, “मामा, कशाला जाता मार खायला?”

“मार खायला न्हाई जात,” ते म्हणाले. “तो बोलला त्याचं उत्तर मला देता येईना. म्हणून जातो.”

माझी बदली झाली. जायच्या आदल्या दिवशी मीच त्यांना स्कूटीवर तिथं सोडलं. खटला अजून उभा राहिला नव्हता. बाप हळदीत आपली पात, म्हणजे निंदायची ओळ, धरून निंदत होता. आम्हाला बघून तो उठला नाही, ओरडलाही नाही. मामा बांधावरच थांबले. पिंडरीवरच्या कुत्र्याच्या चाव्याचा वण धोतराखाली दिसत होता. त्याच पायावर भार देत मामा सरीत उतरले.

बापानं एकदा त्या पायाकडं बघितलं. मग जवळ पडलेलं दुसरं खुरपं उचललं, पातं आपल्या हातात धरलं आणि मूठ मामांच्या पुढं केली.

“इकडची पात धरा,” तो म्हणाला.