खालच्या काकांचं मावंदं

आमच्या खालच्या मजल्यावरच्या काकांइतका अमेरिकेचा पश्चिमेकडचा मुलूख खुद्द अमेरिकनांनाही ठाऊक नसेल. घराजवळचं वेलचेरीचं स्टेशन मात्र त्यांना अजून नीट सापडत नाही. संरक्षण खात्याच्या कारखान्यातली नोकरी त्यांनी तोंडी लावण्यापुरती केली. मुख्य जेवण म्हणजे फूटपाथवरून आणलेल्या इंग्रजी काउबॉय कादंबऱ्या. इडलीच्या हॉटेलातसुद्धा ते दाराकडे पाठ करून बसत नाहीत. तमिळ वेटर कळवळून म्हणतो, "सार, अंगे फॅन इल्ल!" तिथे पंखा नसल्याने काका घामाघूम होतात, पण पाठीत गोळी घ्यायची त्यांची तयारी नसते. घरात पुराचं पाणी शिरलं तेव्हा आधी कादंबऱ्या माझ्याकडे वर आल्या, मग गॅसचं सिलिंडर, मग काकू. रोज संध्याकाळी काकू भाजी निवडायला बसल्या की काका एक प्रकरण मराठीत करून वाचून दाखवत. चाळीस वर्षं हा नेम चुकला नाही.

गेल्या वर्षी मुलीने तिकडे बोलावलं. काकूंचे गुडघे विमानाला राजी नव्हते. "तुम्ही जा. नीट बघून या, मला सांगायला," त्या म्हणाल्या. काकांनी जावयाच्या गाडीतून कादंबऱ्यांतला सगळा मुलूख पालथा घातला आणि बाटलीभर नदीचं पाणी घेऊन परतले, ते गप्पच. विचारलं तर म्हणत, "दगड आहेत. रस्ता चांगला आहे. गाडी लावायला जागा आहे." एवढा रंगवून सांगितलेला मुलूख असा साधा निघाला, हे बायकोला कोणत्या तोंडाने सांगायचं! वाचनही बंद पडलं. काकू एकट्याच भाजी निवडू लागल्या, आणि ते त्यांना सोसत नव्हतं.

शेवटी काकूंनीच मावंदं घालायचं ठरवलं. काशीहून आलेल्याचं घालतात, मग यांचं का नको? पुरणपोळ्या झाल्या, बाटलीची पूजा झाली. तीर्थ घ्यायला मात्र कुणी हात पुढे केला नाही. पंगतीत तूप वाढता वाढता काकूंनी विचारलं, "आणि ती विहीर हो? त्या कादंबरीतल्या पोराची आई पाणी शेंदायची ती?"

काका चपापले. मग सावरून बसले. "होती की! कठडा ढासळलाय, पण रहाट शाबूत आहे." आणि जे सुरू झाले, ते ताकभातापर्यंत थांबले नाहीत.

मी ताटं आत नेली तेव्हा काकू हळूच म्हणाल्या, "पुस्तकात विहीर नाहीच. यांचा डोळा लागला की मी पुढचं वाचून ठेवायची. मलाही इंग्रजी येतं. ती विहीर माझ्या माहेरची. मी ऐकत राहावं म्हणून यांनी ती वाचताना तिकडे नेऊन खणली."

"चाळीस वर्षांत बोलला नाहीत?"

"बोलले असते तर बुजवली असती त्यांनी."

बाहेर काका कुणाला तरी सांगत होते, पाणी काय गोड होतं म्हणून.