कॉलरच्या आतली नावं

"नाव काय रे तुझं?"

छातीभोवती टेप गुंडाळली की मास्तर हा प्रश्न विचारायचेच. पोरगं ओळखीचं असो, नसो, रोज दारावरून जाणारं असो. पोरगं नाव सांगायचं, आणि तेवढ्यात मास्तर टेपवरचा आकडा वाचून वहीत टिपायचे. मी एकदा न राहवून विचारलं, "अहो मास्तर, ह्याचं नाव तुम्हाला माहीत, ह्याच्या बापाचं माहीत. मग विचारता कशाला?"

"बाई, टेप लावली की पोरगं छाती फुगवतंय. पैलवान व्हायचं असतंय की त्याला. नाव सांगायला गेलं की हवा बाहेर येती. मग कळतंय खरी छाती केवढी हाय ते."

सोलापूर म्हटलं की बाहेरच्या माणसाला चादर आठवते, फार तर टॉवेल. पण लांबलांबच्या शाळांचे गणवेशही इथंच शिवले जातात, मोठाल्या कारखान्यांत, ढिगानं. मास्तरांचा कारखाना वगैरे काही नव्हता. आमच्या गल्लीच्या तोंडाशी त्यांच्या घराची पुढची खोली, तीत चार मशिनी, आणि पडद्यामागं त्यांची बायको, आम्हा सगळ्यांच्या चाची. मुलींची मापं चाची घ्यायच्या आणि आकडे ओरडून सांगायच्या, मास्तर इकडं पाठ करून वहीत लिहायचे. मी शाळेत पीटीची बाई. गणवेशाचं सगळं काम माझ्याकडं, म्हणून गेली वीसेक वर्षं माझी त्यांच्याकडं ये-जा. शाळेतले मास्तर केव्हाच 'सर' झाले होते. मास्तर म्हणून आमच्याकडं हे एकटेच उरले होते.

त्यांची आणखी एक खोड होती. प्रत्येक शर्टाच्या कॉलरला आतून लाल दोऱ्यानं पोराचं नाव घालायचे. ह्याचे वेगळे पैसे नाहीत, कुणी सांगितलेलंही नाही. "शंभर कपडे एकसारखे असले की पोरगं हरवल्यागत होतंय," म्हणायचे. मला त्या नावांचा फायदाच व्हायचा. मैदानावर राहिलेला शर्ट उचलायचा, कॉलर उलटायची आणि धन्याच्या पाठीत धपाटा घालायचा.

तर अशा माणसाकडं मी सिनेमावाले पाठवले. हो, मीच. नको तिथं माझं तोंड चालतं.

झालं असं, की गेल्याच्या आधीच्या पावसाळ्यात एका मोठ्या सिनेमाचं शूटिंग आमच्याकडच्या बंद गिरणीत होणार होतं. एकाहत्तरच्या युद्धाची गोष्ट. शाळेत गाणं शिकवणारी एक बंगाली मुलगी, आणि तिच्या गावात येऊन पडलेला पाकिस्तानी फौजेतला एक तरुण कॅप्टन. दोघांचं जुळतं तेव्हा देश एकच असतो. मग युद्ध होतं, एका देशाचे दोन होतात, आणि ही दोघं दोन बाजूंना राहतात. गिरणीत म्हणे कॅप्टनच्या फौजेची छावणी करायची होती. पुराचं आणि होड्यांचं शूटिंग दुसरीकडं केलं, हे नशीब. ज्या गावात नळाला चार-पाच दिवसांनी पाणी येतं, तिथं बंगालचा पूर कुठून आणणार होते देव जाणे.

त्यांचा ड्रेसमन, म्हणजे नटांचे कपडे बघणारा माणूस, शाळेचं मैदान मागायला आला होता. मैदान काही मिळालं नाही, पण चहा पिता पिता त्यानं विचारलं, खाकी चांगली कोण शिवतं इथं? मी ताडकन मास्तरांचं नाव सांगितलं.

ड्रेसमनला पाच साइझमध्ये एकशेवीस शर्ट-पँट हवे होते. मास्तर म्हणाले, "फौज हाय का वरात? फौजीचा कपडा अंगाला बसतोय. सगळ्यांस्नी पाठवा." आणि खरोखर एकशेवीस पोरं मापाला आली. कॉलेजातली, यंत्रमागावरची, रिक्षा चालवणारी. माझा भाचा ओंकारही त्यात. रांग पार कोपऱ्यापर्यंत गेली. प्रत्येकाला टेप, प्रत्येकाला "नाव काय रे तुझं?" आणि मग प्रत्येकाच्या कॉलरला लाल दोऱ्यानं नाव. महेश, इरफान, व्यंकटेश, श्रीशैल, सलीम, ओंकार. ड्रेसमन कपाळाला हात लावून म्हणाला, "मास्तर, नंबर घाला ना, सोपं पडेल."

"नंबर कैद्याला घालत्यात साहेब. ही आमची पोरं हायत."

मी तयार कपडे बघायला गेले, तर प्रत्येक पँटला खाली आतून दोन इंच कापड दुमडून ठेवलेलं. शाळेच्या गणवेशाला ठेवतात तसं. मला हसूच फुटलं. "अहो मास्तर, ह्यातली निम्मी पोरं सिनेमात मरणार आहेत! वाढतील कधी?"

"मरत्यात ते सिनेमात. सांजच्याला घरी जेवायला येतीलच की. वाढत्या अंगाची हायत."

त्या महिन्याभरात मास्तर सिनेमाची गोष्ट येईल त्याला सांगायचे. ड्रेसमन रोज थोडी थोडी सांगून जायचा. जेवढी कळली तेवढी मास्तर पुढं सरकवायचे, मशीन थांबवून. "पोरगी लई चांगली हाय बाई. कॅप्टनबी वाईट न्हाई. पण देश मधीच फाटला, त्याला कोण काय करणार? शिवणीवर उसवलं तर परत शिवता येतंय. मधी फाटलं की ठिगळ दिसतंच." हे बोलून एकदम पायडल मारायचे.

शूटिंग संपलं, सिनेमावाले गेले. कपड्यांचे गठ्ठे गिरणीतच पडून राहिले, ट्रक येईल ट्रक येईल म्हणत. दिवाळीनंतर त्यातले दोन-तीन गठ्ठे कुणीतरी भंगारात विकले. आणि तिथं कुणीतरी मोबाईल काढला.

तो व्हिडिओ तुमच्याही फोनवर आला असेल कदाचित. खाकी कपड्यांचा ढीग, वर परक्या फौजेचे बिल्ले, आणि एक हात एकेक कॉलर उलटून दाखवतोय. "बघा! कुणाचे कपडे, आणि आत कुणाची नावं! आपल्या सोलापुरातली!" इरफान, सलीम, पुन्हा इरफान. मी तो व्हिडिओ पाच वेळा पाहिला. महेशचा शर्टही त्या ढिगात असणार, व्यंकटेशचाही. पण तो हात नेमक्या तेवढ्याच कॉलरी उलटत होता. शेवटी आवाज म्हणतो, "शिवले कुणी, ते पण शोधा." शोधायला कितीसा वेळ लागतो? लाल दोरा सगळ्या गल्लीला माहीत.

पोलिसांनी मास्तरांना दोन दिवस बोलावून बसवलं. वाईट वागवलं असं नाही, चहा वगैरे दिला. त्यांनाही सिनेमाचं ठाऊक होतं, पण कागद हवा होता, आणि सिनेमावाल्यांचा फोन लागत नव्हता. तोवर पालकांच्या ग्रुपवर पेटलं. गणवेश ह्या माणसाकडून नको. एकानं लिहिलं, मग सतरा जणांनी हात जोडले.

पुढच्या वर्षाचं गणवेशाचं काम देण्याची ती वेळ होती. शाळेचं काम म्हणजे मास्तरांचं सगळं वर्ष. ते गेलं की चारही मशिनी बंद. समितीची बैठक झाली. अध्यक्षांनी मला विचारलं, "बाई, तुमची वीस वर्षांची ओळख. तुमचं काय मत?"

माझ्या पर्समध्ये फोन होता. फोनमध्ये फोटो होता, शूटिंगच्या दिवशीचा. ओंकार त्या खाकीत, बिल्ला लावून, आणि त्याचा हात मास्तरांच्या खांद्यावर. तो फोटो टेबलावर ठेवला असता तर तिथल्या तिथं विषय मिटला असता. पण ओंकारची पोलीस भरती चालू होती. पळून झालं होतं, लेखी झाली होती, चारित्र्य पडताळणी राहिली होती. बहिणीचा सकाळीच फोन आला होता, "ताई, तुझ्या पाया पडते, ओंक्याचं नाव ह्यात कुठं यायला नको."

मी म्हणाले, "तूर्त दुसरीकडं देऊ या."

तूर्त! काय शब्द आहे बघा. कुणाला लागत नाही, आणि माणसाचा धंदा मात्र त्यात बसतो.

पत्र माझ्याच सहीनं गेलं. पोस्टानं पाठवायची लाज वाटली म्हणून हातानं घेऊन गेले. मास्तरांनी चष्मा पुसून वाचलं. "अक्षर तुमचं न्हाई. सही तुमची हाय," एवढंच म्हणाले. मग पत्र घडी करून खिशात ठेवलं. "बरोबर हाय बाई. शाळेत गडबड नक्को. पोरं बारकी हायत." चाचींना हाक मारून चहा सांगितला, आणि मला विचारलं, "ओंकारच्या भरतीचं काय झालं?"

"पडताळणी राहिलीय."

"होईल की. काळजी नक्को."

मी एक घोट घेऊन कप खाली ठेवला. त्यांना वाटलं साखर कमी आहे. उठून डबा घेऊन आले.

खरी गोष्ट मला नंतर कळली. एका हवालदारांची मुलगी आमच्या शाळेत आहे, त्यांनी फाटकापाशी सांगितली. कॉलरींत नुसती नावं होती. आडनावं आणि फोन नंबर मास्तरांच्या वहीत. साहेबांनी दोन दिवस तीच वही मागितली, कुठली पोरं होती ती यादी द्या म्हणून. मास्तर म्हणाले, वही सापडत न्हाई, आणि मला काय आठवत न्हाई, वय झालं. हवालदार हसत होते. "बाई, माझं दहावीतलं माप त्यांना पाठ आहे हो!"

आठव्या दिवशी सिनेमा कंपनीचं पत्र आलं. सगळं मिटलं. मास्तर निर्दोष, पोरं निर्दोष. पण ते पत्र काही कुणाच्या फोनवर फिरलं नाही. पालकांच्या ग्रुपवर मी लिहायला घेतलं होतं. चार ओळी लिहिल्या, पुसल्या, आणि पालेभाजी निवडायला बसले.

ओंकार भरती झाला. पेढे घेऊन मास्तरांकडं जातो म्हणाला. माझ्या बहिणीनं जाऊ दिलं नाही, आणि मीही तिला काही बोलले नाही. फेब्रुवारीत मास्तर आणि चाची टेंभुर्णीला लेकीकडं गेले. मशिनी विकल्या नाहीत, नुसत्या झाकून ठेवल्या.

एप्रिलमध्ये सिनेमा लागला. ग्रुपवर हात जोडणारे सगळे सहकुटुंब जाऊन आले. काय ते प्रेम, काय ते युद्ध, डोळ्याला धार लागली म्हणे. मीही ओंकारला घेऊन गेले. मध्यांतरानंतर पडद्यावरचा ओंकार मरतो. त्याच्या मित्रांनी शिट्ट्या मारल्या. मी मात्र कपडेच बघत होते. एवढी पोरं पळतात, पडतात, पण एकाच्याही काखेत चुणी नाही.

घरी येऊन हिय्या केला आणि टेंभुर्णीला फोन लावला. मास्तर खूश झाले. "पँट आखूड दिसली का कुणाची?" हे पहिलं. मग म्हणाले, "शेवटी त्या दोघांचं काय झालं बाई? ड्रेसमननं तेवढं सांगितलंच न्हाई."

सिनेमात दोघं भेटत नाहीत. तो कैद्यांच्या गाडीत बसून जातो, ती धुळीत उभी राहते. पण माझ्या तोंडून निघालं, "भेटतात. लग्न होतं."

पलीकडं मास्तर हसले. "खोटं बोलता येत न्हाई तुमाला. कॅप्टनचा शेवटचा शर्ट मीच शिवलाय की. त्याच्या खांद्याला पट्ट्या लावू नका म्हणाला होता ड्रेसमन. पट्ट्या काढून घेतलेला फौजी लग्नाला जातोय व्हय?"

मला त्या फोनवर माफी मागायची होती. ओठावर आली होती. मी म्हणाले, "ऊन फार आहे, जपा." मे महिन्यात मास्तर झोपेतच गेले. लेकीनं कळवलं तेव्हा दफन होऊन दोन दिवस झाले होते. टेंभुर्णी काही लांब नाही, हमरस्त्यावरच आहे. मी गेले नाही. कुठल्या तोंडानं जायचं?

जूनमध्ये नवे गणवेश आले. अठ्ठावीस, तीस, बत्तीस, प्लॅस्टिकच्या पिशव्यांत. दिसायला छान. जुलैत मी पंधरा ऑगस्टच्या परेडसाठी मुली निवडायला मैदानावर उभी होते. आठवीची रांग. तिसऱ्या मुलीचा डावा खांदा खाली आलेला.

"ए, तिसरी! खांदे सरळ!"

ती ताठली, पण खांदा तिथंच. दोन वर्षं ही मुलगी माझ्या परेडमध्ये होती, कधी अशी आळशासारखी उभी राहिली नव्हती. मी चिडले. "ऐकू येत नाही? बाहेर ये."

ती रांगेतून बाहेर आली. खाली बघत म्हणाली, "बाई, माझा तो खांदा पहिल्यापासनंच खाली हाय. मास्तर आतून कापडाची घडी शिवायचे. मग दिसायचं न्हाई."

"मग इतक्या वर्षांत मला एकदा तरी सांगायचं नाही का?"

"मास्तरच म्हणालेले, बाईंना सांगू नक्को."

"का?"

तिनं मागं रांगेकडं पाहिलं. बाकीच्या मुली बघत होत्या.

"म्हणाले, बाई लई चांगल्या हायत. पण वाकडं दिसलं की रांगेतून काढत्यात."