वाक्य एक, गोष्टी दोन

पुण्यात भाषाविज्ञानाच्या पहिल्याच सत्रात मॅडमनी फळ्यावर एक वाक्य लिहिलं : ‘आईने मुलीला रडताना पाहिलं.’ मग विचारलं, “रडत कोण होतं?”

निम्मा वर्ग मुलगी म्हणाला, निम्मा आई. मी उठून म्हणाले, “मले वाटते, दोन्ही अर्थ बरोबर आहेत.” मागच्या बाकांवर हशा पिकला. माझ्या उत्तराला नव्हे, ‘मले’ला. मॅडमनी “कसं काय?” विचारलं, पण मला काही सांगता येईना. “उद्या विचार करून या,” त्या सगळ्यांना म्हणाल्या.

संध्याकाळी गावी, दुसरबीडला, मायला फोन लावला. ती चौथीपर्यंत शिकलेली. दोन एकरांत भाजीपाला पिकवते आणि बाजारात स्वतः बसून विकते. वाक्य ऐकून हसली.

“वाक्य एक हाये, पन गोष्टी दोन हायेत, बाई. पोरगी रडत असंन तं ‘मायनं रडनाऱ्या पोरीले पाह्यलं’ म्हन. माय रडत असंन तं ‘मायनं रडत रडत पोरीले पाह्यलं’ म्हन. त्यात काय एवढं?”

मी वही ओढून लिहून घेतलं. ती जरा थांबली. “अन् तुले पुन्याच्या गाडीत बसवलं तवा तं दोघीबी रडत होतो. ते कसं लिहितात तुमच्यात?”

तिचा प्रश्नही मी वहीत उतरवला.

दुसऱ्या दिवशी मी तिची दोन्ही वाक्यं फळ्यावर लिहिली, तिच्याच बोलीत. म्हणाले, “वर शब्दांची रांग एकच दिसते, पण आत रडणारं माणूस वेगळं आहे. अर्थ सुटा करून सांगायला गेलं की वाक्याचं रूप बदलतं.” कोणी हसलं नाही. मॅडम उठून फळ्याजवळ आल्या.

“हे आपण पुढच्या महिन्यात शिकणार होतो. कुठल्या पुस्तकात वाचलंस?”

“माह्या मायनं सांगतलं,” मी म्हणाले. प्रमाण भाषेत बोलायचं मुद्दामच टाळलं. इतक्या ताठ मानेनं मी कधीच कुणाचा दाखला दिला नव्हता.

मॅडमनी ती वाक्यं आपल्या वहीत उतरवून घेतली. दुपारी मायला फोन केला तेव्हा ती भेंडी तोडत होती.

“तुह्या मॅडमनं माहं बोलनं लिहून घेतलं?”

“हाव.”

“मंग नीट लिहिलं का पाह्य. म्या ‘पोरीले’ म्हन्लं होतं, ‘पोरीला’ नाही.”